बाहुल्यांचा कोपरा परत द्या : बालवर्गांची मांडणी ठरवणाऱ्यांस खुले पत्र

प्रति,
बालवर्गांची मांडणी, वेळापत्रक आणि खरेदीच्या याद्या ज्यांच्या सहीने ठरतात ते सर्व व्यवस्थापक, मुख्याध्यापक आणि अभ्यासक्रम समित्यांचे सदस्य यांस

सप्रेम नमस्कार.

तीन ते सहा वर्षांच्या मुलांचा वर्ग मी गेली एकवीस वर्षे सांभाळते आहे. यंदा वर्ग भरण्याच्या आदल्या आठवड्यात आमच्या खोलीची नव्याने मांडणी झाली. खिडकीखालचा बाहुल्यांचा कोपरा काढून तिथे चार बैठी टेबले आली, टेबलांवर गिरवण्याच्या वह्या आल्या, आणि सात बाहुल्या, त्यांची अंथरुणे-पांघरुणे, एक लाकडी पाळणा आणि कपड्यांचे एक गाठोडे एवढे सगळे पुठ्ठ्याच्या खोक्यात भरून, वर चिकटपट्टी लावून, कपाटाच्या माथ्यावर ठेवले गेले. कारण एका ओळीत कळवण्यात आले होते : जागेचा शैक्षणिक वापर वाढवणे. ज्यांनी हा निर्णय घेतला त्यांच्या मनात मुलांविषयी आकस नाही हे मी जाणते. मूल काय शिकले असे पालक विचारतात; तेव्हा त्यांना वहीचे पान दाखवता येते, बाहुली थोपटून निजवल्याचे काही दाखवता येत नाही. परंतु असेच खोके इतर वर्गांतल्या कपाटांवरही चढले असल्याचे सहकारी शिक्षिकांकडून ऐकते, म्हणून ही विनंती माझ्या एका वर्गापुरती न ठेवता आपणा सर्वांपुढे ठेवते आहे.

माझे म्हणणे एका वाक्यात मावते. लहान मुलाच्या सबंध जगात बाहुली हे एकच असे माणूस आहे, ज्याच्यापुढे ते मूल मोठे असते. एरवी त्याला उचलतात, भरवतात, कपडे चढवतात, हात धरून नेतात, 'आता नीज' म्हणतात, सुई टोचतात, आणि कुठे जायचे, कधी परतायचे, घरात नवे बाळ येणार की नाही, हे सारे त्याला न विचारता ठरते. यात गैर काही नाही. लहानपण असेच असते. पण ज्याच्यासाठी दिवसभर दुसरेच कुणी काही ना काही करत असते, त्याला आपणही कुणासाठी काही करू शकतो हे अनुभवायला एखादी जागा लागते, आणि ती जागा बाहुलीच्या शेजारी असते. खऱ्या तान्ह्या भावंडाची जबाबदारी त्याला पेलणारी नसते आणि आपण ती देतही नाही. चित्रे, माती, पाणी, ठोकळे यांचे मोल मी कमी लेखत नाही. मात्र ठोकळ्याला भूक लागते ती मुलाने त्याला फडक्यात गुंडाळल्यावर, आणि मग तो ठोकळा राहत नाही, बाहुली होतो.

हे मोठेपण एका दिवसात येत नाही. त्याच्या पायऱ्या मुलांना जवळून पाहणाऱ्यांच्या ओळखीच्या आहेत आणि बालमानसशास्त्रानेही त्या टिपून ठेवल्या आहेत. साधारण वर्षाच्या सुमारास मूल रिकामा पेला स्वतःच्याच ओठांना लावून प्यायल्यासारखे करते. दीड वर्षाच्या आगेमागे तोच पेला बाहुलीच्या तोंडाशी जातो. अजून बाहुली स्वतः काही करत नाही, तिला पाजले जाते. दोन वर्षांच्या सुमारास मूल तो पेला बाहुलीच्या हाताशी टेकवते आणि आता ती आपली आपण पिते. पुढे तिला तहान लागते, कंटाळा येतो, समोर धरलेले नकोसे होते. व्याकरणाच्या भाषेत बोलायचे तर 'बाहुलीला पाजते' या वाक्यातून 'बाहुली पिते' हे वाक्य निघते, आणि त्यातून 'बाहुलीला नको वाटतंय' हे. पहिल्या वाक्यात ती कर्म आहे, दुसऱ्यात कर्ता आहे, आणि तिसऱ्यात तिला मन आहे. दोन-तीन शब्दांच्या वाक्यांत हा सगळा प्रवास उरकतो खरा, पण आपल्यासारखे मन दुसऱ्यालाही असते आणि ते आपल्यापेक्षा वेगळे काही मागू शकते, ही माणसाच्या आयुष्यातली फार मोठी ओळख त्या प्रवासात होत असते.

ही ओळख मुलाला झाली आहे का हे तपासायची वेळ आली तेव्हा संशोधकांनीही बाहुल्याच हाती घेतल्या. १९८५ साली सायमन बॅरन-कोहेन, ॲलन लेस्ली आणि उटा फ्रिथ यांनी वापरलेल्या चाचणीत सॅली आणि ॲन नावाच्या दोन बाहुल्या आहेत. सॅली आपली गोटी टोपलीत ठेवून बाहेर जाते, तिच्या माघारी ॲन ती गोटी काढून डब्यात ठेवते, आणि मग मुलाला विचारतात : सॅली परत आल्यावर गोटी कुठे शोधेल? साधारण चार वर्षांच्या आतली बहुतेक मुले डब्याकडे बोट दाखवतात, कारण गोटी तिथे आहे हे त्यांना स्वतःला ठाऊक असते. त्यानंतर ती टोपलीकडे दाखवू लागतात, कारण सॅलीला काय ठाऊक आहे आणि काय नाही हे त्यांना कळू लागते. एका बाहुलीला काय माहीत आहे, असा प्रश्न चार वर्षांच्या मुलाला विचारता येतो आणि त्याला तो मुळीच विचित्र वाटत नाही. माझ्या मते याचे कारण असे की तोवर त्याने बाहुल्यांच्या मनात पुष्कळ ये-जा केलेली असते.

सोव्हिएत मानसशास्त्रज्ञ लेव वायगॉट्स्की यांनी १९३३ साली खेळाविषयी दिलेल्या व्याख्यानातल्या एका निरीक्षणाचा प्रत्यय मला वर्गात वारंवार आला आहे. खेळणारे मूल एकाच वेळी दोन भावनांत असते : आजाऱ्याचे सोंग घेऊन ते रडते, आणि खेळणारे म्हणून त्याच क्षणी रमलेलेही असते. काही वर्षांपूर्वी माझ्या वर्गातला चार वर्षांचा एक मुलगा नऊ दिवस रुग्णालयात राहून परत आला. आल्या आल्या तो कोपऱ्यात गेला, निळ्या झबल्यातली कापडी बाहुली उचलली, तिचा उजवा हात एका लांबट ठोकळ्यावर ठेवला आणि लोकरीच्या धाग्याने करकचून बांधला. सलाइन लावलेल्या लहान मुलाचा हात हलू नये म्हणून पट्टीला बांधून ठेवतात, तसा. 'हलायचं नाही,' एवढेच तो म्हणाला, तेही बाहुलीकडे न पाहता. दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशी तेच. कुणी शेजारी येऊन बसले तर तो पाठ फिरवी. मी जवळच्या कपाटात कागद लावण्याच्या निमित्ताने पाहत राहिले. चौथ्या की पाचव्या दिवशी बांधता बांधता तो थांबला, बाहुलीच्या कानाशी तोंड नेले आणि म्हणाला, 'ओरड तू. ओरडलं तर चालतं.' मग तिच्या वतीने तोच बारीक आवाजात ओरडला, दोनदा. पुढच्या आठवड्यात एका सकाळी त्याने धागा स्वतःच सोडला, कापडी हातावर उमटलेला वळ अंगठ्याने चोळून चोळून सपाट केला, बाहुलीला खिडकीशी नेऊन बाहेरचा पाऊस दाखवला, आणि तिला तिथेच बसवून तो मातीकाम करायला निघून गेला. ती बांधणी मी नंतर पुन्हा पाहिली नाही.

या खेळाने मुलगा सावरला असा दावा मी करणार नाही. त्याला घरच्यांची माया होती, पुरेशी झोप मिळत होती, दिवस जात होते. मी पाहिले ते इतकेच की ज्याचा हात बांधला गेला होता तो आधी बांधणारा झाला, मग ओरडायची परवानगी देणारा झाला, आणि शेवटी सोडवणारा झाला. हा क्रम त्याला कुणी शिकवला नव्हता. त्या नऊ दिवसांविषयी आम्ही त्याला काही विचारलेही नव्हते, आणि विचारले असते तरी तेवढे सांगायला त्या वयात शब्द पुरले असते असे मला वाटत नाही.

हीच गोष्ट जाणीवपूर्वक, अनेक मुलांच्या बाबतीत करून पाहिल्याचे उदाहरण आहे. २००६ सालच्या लेबनॉन युद्धाच्या काळात इस्रायलमध्ये अवी सादेह आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सुरक्षित छावणीत राहायला आलेल्या दोन ते सात वर्षांच्या मुलांना कापडी कुत्र्याचे एक खेळणे दिले. देताना सांगितले की हे पिल्लू सध्या उदास आहे, आपल्या घरापासून लांब आले आहे, त्याला चांगल्या मित्राची गरज आहे, तर तू त्याला सांभाळशील का? त्यांचा अभ्यास २००८ साली प्रसिद्ध झाला. हे काम अंगावर घेतलेल्या मुलांमधली ताणाची लक्षणे कमी झाली, आणि ज्यांना त्या पिल्लाचा लळा अधिक लागला त्यांच्यात हा फरक अधिक दिसला. कृपया त्या वाक्यरचनेकडे लक्ष द्यावे. हे खेळणे तुला धीर देईल, असे मुलांना सांगितले नव्हते. त्याला धीर द्यायला सांगितले होते. अनेक देशांत वैद्यकशाखेचे विद्यार्थी लहान मुलांसाठी खेळण्यांचे दवाखाने भरवतात, तिथेही मूल आपली बाहुली किंवा अस्वल रुग्ण म्हणून आणते आणि स्वतः तिचे पालक म्हणून शेजारी बसते. स्टेथोस्कोप कुठे टेकवतात, पट्टी कशी बांधतात, हे ते मोठ्याच्या जागेवरून पाहते.

आता ज्या बाबतीत आपण मोठी माणसे फार लवकर हात घालतो त्याविषयी लिहिते. मुले बाहुलीशी नेहमी मायेने वागत नाहीत. ती तिला आपटतात, शिक्षा म्हणून भिंतीकडे तोंड करून उभी करतात, उपाशी ठेवतात, वाळूत पुरतात आणि उकरून काढतात. हे आजचे नाही. १८९६ साली मानसशास्त्रज्ञ स्टॅन्ले हॉल आणि त्यांचे सहकारी कॅसवेल एलिस यांनी अमेरिकेत प्रश्नावली पाठवून बाहुल्यांच्या खेळाविषयी माहिती जमवली तेव्हा त्यांनी बाहुल्यांची आजारपणे, त्यांना होणाऱ्या शिक्षा आणि त्यांचे अंत्यविधी यांविषयीही विचारले होते, इतक्या या गोष्टी तेव्हाही सर्वांच्या पाहण्यातल्या होत्या.

मी नवी होते तेव्हा मला हे कळत नव्हते. वर्गातल्या एका मुलीच्या घरी महिन्यापूर्वी बाळ आले होते. एके दिवशी तिने सर्वांत लहान बाहुली उचलून कचऱ्याच्या डब्यात ठेवली, वर झाकण लावले आणि झाकणावर दोन्ही हात दाबून उभी राहिली. मी धावत गेले, बाहुली बाहेर काढली, 'असं करतात का? तिला किती लागलं असेल!' असे म्हणाले, तिला बाहुलीची पापी घ्यायला लावली आणि माफी मागायला लावली. मुलीने सांगितले ते सगळे केले. त्यानंतर सुट्टी लागेपर्यंत ती बाहुल्यांच्या कोपऱ्याकडे फिरकली नाही. घरी जे बोलण्याची सोय नव्हती ते करून दाखवायला तिला एक जागा सापडली होती, आणि ती जागा मी बंद केली. इतक्या वर्षांनीही त्या दोन दाबलेल्या हातांची मला आठवण होते. पुढे मी थांबायला शिकले, आणि थांबल्यावर असे दिसले की झाकण लावणारी बहुतेक मुले थोड्या वेळाने ते स्वतःच उघडतात. कुणी बाहुलीला झटकून, पुसून घेते, कुणी तिला रागावते, कुणी काहीच न बोलता तिला जागेवर ठेवते. आपण दुष्टपणा केला आणि तरी बाहुली आहे तशीच आहे, आपल्यालाही कुणी टाकून दिले नाही, हे मुलाला दुसऱ्या कुठल्या मार्गाने कळणार?

बालरोगतज्ज्ञ आणि मनोविश्लेषक डोनाल्ड विनिकॉट यांनी १९५१ साली या विषयाची जी मांडणी केली तिच्यात हा धागा आहे. बाळाला ज्या दुपट्याच्या टोकाचा किंवा कापडी खेळण्याचा लळा लागतो ती वस्तू त्याच्या प्रेमातून जशी तगली पाहिजे तशीच त्याच्या रागातूनही तगली पाहिजे, आणि तिच्यात काही बदल व्हायचा तर तो बाळानेच करावा, इतरांनी नाही, असे ते सांगतात. मळकी बाहुली न विचारता धुतली की जे आकांताचे रडणे सुरू होते त्याचे कारण यात सापडते. विनिकॉट आणखी एक गोष्ट म्हणतात आणि ती मला सर्वांत महत्त्वाची वाटते : ही वस्तू तुला बाहेरून मिळाली की तूच मनाने घडवलीस, हा प्रश्न मुलाला कधी विचारायचा नाही, असा मोठ्यांचा आणि मुलांचा न बोलता झालेला करार असतो. 'खरंच भूक लागते का गं तुझ्या बाहुलीला?' असे हसत विचारणारे मोठे माणूस तो करार मोडते. बाहुली कापडाची आहे हे मुलाइतके पक्के कुणालाच ठाऊक नसते. शिवण उसवली की ते सुई-दोराच मागायला येते. पण भुकेच्या वेळी ते ठाऊक असणे त्याने बाजूला ठेवलेले असते, आणि कल्पनाशक्ती म्हणतात ती या बाजूला ठेवता येण्यातच असते.

उलट्या टोकाची चूकही मी पाहिली आहे. मूल बाहुलीशी काय करते त्यावरून त्याच्या घरात काय चालले असेल याचे अंदाज बांधणे आणि ते नोंदवहीत लिहिणे, ही ती चूक. ज्युडी डीलोच यांनी एका सहकाऱ्यासह १९९५ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासातून असे दिसले की अगदी लहान मुलांना बाहुली म्हणजे 'मी' असे धरून आपल्या अंगावरची जागा तिच्या अंगावर दाखवणेही अवघड जाते. बाहुली कधी मूल स्वतः असते, कधी धाकटे भावंड, कधी आई, आणि पुष्कळदा ती दुसरी कुणी नसून फक्त ती बाहुलीच असते. खरोखर काळजीचे काही दिसले तर पालकांशी आणि तज्ज्ञांशी बोलावे. खेळाची जबानी घेऊ नये.

खरेदीच्या याद्या आपण ठरवता, म्हणून बाहुली कशी असावी याविषयी थोडे सविस्तर लिहिते. कोपरा परत मिळाला आणि त्यात बटण दाबल्यावर तीच ती ठरावीक वाक्ये म्हणणारी बाहुली आली, तर मुलाचे निम्मे काम तिने हिरावून घेतलेले असेल. तिला काय वाटते हे मुलाने ठरवायचे असते. वॉल्डॉर्फ पद्धतीच्या बालवर्गांत बाहुलीचा चेहरा मुद्दाम अपुरा ठेवतात, डोळ्यांचे दोन ठिपके आणि ओठांची लहानशी रेघ, म्हणजे ती हसली की रुसली हे धरणाऱ्याच्या हाती राहते. हॉल आणि एलिस यांच्या प्रश्नावलीला आलेल्या उत्तरांतही उशा, काठ्या, बाटल्या अशा वस्तूंना बाहुल्या मानून सांभाळल्याचे उल्लेख आहेत. ब्रिटिश म्युझियममध्ये रोमन अमलाखालच्या इजिप्तमध्ये सापडलेली एक बाहुली आहे, जाड्याभरड्या लिननची, आत चिंध्या आणि पपायरस या प्राचीन कागदाचे तुकडे भरलेली. शिवणाऱ्याने हाताशी होते ते भरले, आणि त्यावर भागले. महाग बाहुली घ्यावी असे कुठेच सुचवायचे नाही; महाग बाहुली बहुधा कपाटात काचेमागे राहते.

इंटरनेटला जोडलेल्या बाहुल्या मात्र वर्गात मुळीच येऊ नयेत. २०१७ साली जर्मनीच्या नियामक संस्थेने 'माय फ्रेंड केयला' या बोलक्या बाहुलीला छुपे टेहळणी-यंत्र ठरवून तिच्यावर बंदी घातली, ती तिच्यातल्या मायक्रोफोनमुळे. कानात सांगितलेले कुठेही जाणार नाही, याच भरवशावर मूल बाहुलीशी बोलते.

बाहुल्या कोणासारख्या दिसतात, हाही यादीचाच प्रश्न आहे. केनेथ आणि मेमी क्लार्क या कृष्णवर्णीय मानसशास्त्रज्ञ दांपत्याने १९४० च्या सुमारास अमेरिकेत तीन ते सात वर्षांच्या २५३ कृष्णवर्णीय मुलांपुढे, रंग वगळता सर्वस्वी सारख्या असलेल्या बाहुल्या ठेवल्या आणि विचारले : छान कुठली, वाईट दिसते ती कुठली, खेळायला कुठली आवडेल, आणि तुझ्यासारखी कुठली? बहुसंख्य मुलांनी छान म्हणून गोरी बाहुली निवडली. शेवटच्या प्रश्नाला काही मुलांना रडू फुटले, काही खोलीतून निघून गेली. शाळांतील वर्णविभाजन घटनाबाह्य ठरवणाऱ्या अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाच्या १९५४ सालच्या निकालाच्या तळटीपेत क्लार्क यांच्या कामाचा उल्लेख आहे. इथे मला त्यातली एकच गोष्ट सांगायची आहे. ज्या बाहुल्यांना जपायचे, पांघरूण घालायचे, घाबरल्यावर छातीशी धरायचे, त्यांच्यात आपल्यासारखी दिसणारी एकही नसेल, तर जपण्याजोगे कोण असते याची एक समजूत मूल न बोलता करून घेते. म्हणून निरनिराळ्या वर्णांच्या, निरनिराळ्या ठेवणीच्या, चष्मा असलेल्या, कुबडी घेतलेल्या बाहुल्या कोपऱ्यात असाव्यात, आणि त्या खास प्रसंगी काढायच्या म्हणून वेगळ्या न ठेवता रोजच्या गर्दीत असाव्यात.

मुलग्यांविषयी वेगळे लिहावे लागते याचे मला वाईट वाटते, पण लिहिते, कारण बाहुल्यांचा कोपरा 'निम्म्याच वर्गाच्या उपयोगाचा' आहे असा युक्तिवाद मी बैठकीत ऐकला आहे. ज्याने बाहुलीचा हात बांधला आणि सोडला तो मुलगा होता. माझ्या अनुभवात तीन वर्षांचे मुलगे बाहुली निःसंकोच उचलतात, आणि पाच वर्षांचे उचलण्याआधी कोण पाहते आहे ते पाहतात. मधल्या दोन वर्षांत त्यांना कुणीतरी काहीतरी म्हटलेले असते. कार्डिफ विद्यापीठातील संशोधकांनी २०२० साली चार ते आठ वर्षांच्या ३३ मुला-मुलींच्या मेंदूतील क्रियेची नोंद घेतली. बाहुल्यांशी एकट्याने खेळतानाही, इतरांना समजून घेण्याशी संबंधित असलेला मेंदूचा भाग टॅबलेटवर एकट्याने खेळतानापेक्षा अधिक सक्रिय असल्याचे त्यांना आढळले, आणि त्यात मुलगे व मुली असा फरक दिसला नाही. या अभ्यासाला बार्बी बनवणाऱ्या कंपनीचे अर्थसाहाय्य होते आणि त्यातली मुले थोडी होती, हे सांगितल्याशिवाय त्याचा आधार घेणे मला योग्य वाटत नाही. पण तो बाजूला ठेवला तरी प्रश्न उरतोच. मोठेपणी तान्हे मूल, म्हातारे आईवडील, आजारी सोबती यांना सांभाळण्याची वेळ मुलग्यांवरही येते. त्याची पहिली उजळणी त्यांना नाकारण्याचा अधिकार आपल्याला कुणी दिला?

आपल्यापैकी काही जण विचारतील की याने पुढच्या अभ्यासात नेमका किती फरक पडतो. इथे मला वाढवून सांगायचे नाही. अँजेलिन लिलार्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१३ साली कल्पनेच्या खेळाविषयीच्या उपलब्ध संशोधनाचा साकल्याने आढावा घेतला आणि अशा खेळामुळेच बुद्धी, सर्जनशीलता किंवा इतर क्षमता वाढतात असे ठामपणे म्हणण्याइतका पुरावा नाही, असा निष्कर्ष काढला. तो मला मान्य आहे. बाहुल्यांच्या कोपऱ्याने गुण वाढतील असे आश्वासन मी देत नाही, आणि अशा आश्वासनावर तो परत मिळावा असेही मला वाटत नाही, कारण मग पुढच्या वर्षी कुणीतरी गुण मोजायला येईल. संयुक्त राष्ट्रांच्या १९८९ सालच्या बालहक्क संहितेच्या ३१ व्या कलमात विश्रांती आणि खेळ हा मुलाचा हक्क म्हणून नोंदला आहे; तो कशाच्या तरी बदल्यात दिलेला नाही. चार वर्षांच्या माणसाला आज, या आठवड्यात, जे सोसावे लागते आहे ते हाताळायला त्याच्याकडे दुसरे साधन नाही, एवढे कारण मला पुरेसे वाटते.

तेव्हा मागणी अशी आहे. प्रत्येक बालवर्गात बाहुल्यांसाठी एक आडोशाची जागा असावी, वाटेवरची नको, कारण येणाऱ्या-जाणाऱ्याच्या नजरेखाली हा खेळ रंगत नाही. रोज सलग पाऊण तास तरी मुलांना तिथे मोकळे जाता यावे. वही पूर्ण केल्याचे बक्षीस म्हणून दिलेल्या दहा मिनिटांत बाहुलीला उठवून, कपडे घालून होतात आणि घंटा वाजते. तिला काही होण्याइतका वेळच उरत नाही. बाहुल्या वर्षाला बदलू नयेत, दुरुस्त कराव्यात, आणि दुरुस्ती मुलांच्या देखत व्हावी. धुवायच्या असतील तर आदल्या दिवशी मुलांना सांगावे. या खेळाचे मूल्यमापन-पत्रक तयार करू नये, आणि तसे पत्रक तयार होत असेल तर ते थांबवावे. टेबले राहू देत. ती भिंतीकडे सरकवली तर दोन्हींना जागा होते, मी मोजून पाहिले आहे.

शेवटी एक गोष्ट कळवायची राहिली. खोके कपाटावर चढवले त्याच्या दुसऱ्या दिवसापासून साडेतीन वर्षांची एक मुलगी सकाळी आल्यावर आधी कपाटाखाली जाऊन उभी राहते आणि मान वर करून पाहते. पहिल्या दिवशी तिने विचारले, 'ताई, आत अंधार आहे का?' मी हो म्हणाले. दुसऱ्या दिवशी तिने विचारले की त्यांना कळलं का, आपण इथे आहोत. परवा तिने आपला रुमाल माझ्या हातात दिला आणि तो आत टाकायला सांगितला, कारण सर्वांत लहान बाहुलीचे पांघरूण बाहेरच राहिले होते. ते टेबलाच्या पायाखाली घडी करून लावलेले तिने पाहिले होते. मी शिडी आणली, चिकटपट्टी थोडी उचकटली आणि रुमाल आत सरकवला. तिने खालून विचारले, 'कधी येणार आहेत?' मी तिला सांगितले आहे की ज्यांना विचारायचे असते त्यांना मी पत्र लिहून विचारते, आणि उत्तर आले की सांगते.

उत्तराची वाट पाहत आहे.

आपली नम्र,
बालवर्गाची एक शिक्षिका